एका गुणाचं भांडण

मी सून म्हणून या घरात आले त्या पहिल्या रविवारी सासू-सासरे जेवणाच्या टेबलाशी हमरीतुमरीवर आले होते. पंच आंधळा होता, असं सासरे म्हणत होते. पंचाला दिसत होतं, तुम्हालाच खेळता येत नव्हतं, असं सासूबाई म्हणत होत्या. मला वाटलं, आदल्या दिवशी कुठला तरी सामना झाला असेल. मी नवऱ्याला हळूच विचारलं, तर आंद्रियुस सूप पीत शांतपणे म्हणाला, "एकोणीसशे एकोणचाळीसचा. मे महिन्यातला. तू जेव."

त्या साली युरोपची बास्केटबॉल स्पर्धा आमच्या कौनसमध्ये भरली होती आणि लिथुआनियानं लाटव्हियाला एका गुणानं हरवलं होतं. सासूबाई कौनसच्या, सासरे लाटव्हियाचे. झालं ते इतकंच. पण त्यांचं लग्न त्या एका गुणावरून झालं, आणि मला हे सगळं त्या दोघांच्याच तोंडून, तुकड्यातुकड्यानं, बटाटे सोलताना ऐकायला मिळालं.

समोर मी त्यांना आई म्हणत असे. पण त्यांचं तरुणपण सांगायचं तर अहो-जाहो करून जमत नाही, म्हणून इथं नुसतं उर्शुले म्हणते. त्यांनाही ते आवडलं असतं.

उर्शुलेचे वडील आदोमस पिंपं बनवायचे. शान्चियायमध्ये, नेमुनस नदीच्या काठाजवळ त्यांचं अंगण होतं आणि त्यात ओकच्या फळ्यांचे ढीग वाळत पडलेले असायचे. कोबी खारवायची पिंपं, हेरिंग माशांची पिंपं, बिअरची पिंपं. आई लवकर गेली होती. उर्शुले आणि तिचा धाकटा भाऊ त्या फळ्यांमध्येच वाढले. लोखंडी पट्टी तापवून तिचं कडं कसं वळवायचं, हे तिला शाळेतल्या पाढ्यांच्या आधी येत होतं.

मग सदतीसचा मे आला. आमचा संघ पहिल्यांदाच युरोपच्या स्पर्धेला लाटव्हियाच्या राजधानीत, रिगाला गेला आणि चक्क जिंकून आला. तोवर बास्केटबॉल हा मुलींचा खेळ आहे असं म्हणून पुष्कळ लोक नाक मुरडायचे. ज्या दिवशी आगगाडी खेळाडूंना घेऊन कौनसला पोचली त्या दिवशी स्टेशनवर मुंगीला शिरायला जागा नव्हती. पंधरा वर्षांची उर्शुले दिव्याच्या खांबावर चढून बसली होती. खाली उतरताना तिचा घागरा फाटला आणि त्याबद्दल घरी बोलणी बसली. पण पुढच्याच आठवड्यात आदोमसकडे एक गिऱ्हाईक आलं आणि म्हणालं, पिंप नको, नुसतं कडं द्या, चेंडू टाकायला. मग दुसरं आलं. मग शाळेचे मास्तर आले, मग पाद्री आले. आदोमस कपाळाला हात लावून म्हणायचे की जन्मभर मी पिंपाला गळती लागू नये म्हणून मरत आलो, आणि आता लोकांना बिनबुडाचंच हवंय. तरी त्यांनी एक कडं स्वतःच्याही कोठाराच्या भिंतीवर ठोकलं. उर्शुले उंच होती, हात लांब होते. शाळेच्या संघात ती लगेच घेतली गेली.

दोन वर्षांनी स्पर्धा आमच्याकडे आली. त्यासाठी ओकच्या बागेशेजारी नवं सभागृह काही महिन्यांत उभं राहिलं होतं. रंगाचा वास अजून गेला नव्हता. बाप-लेक सकाळपासून दाराशी उभे होते आणि आत शिरले तेव्हा उर्शुलेचा एक बूट गर्दीत गेला होता. लाटव्हियाहून लोक गाड्या भरभरून आले होते, त्यांचं गाणं समोरच्या बाकांवरून ऐकू येत होतं. सामना शेवटपर्यंत असा हेलकावे खात राहिला की आदोमस मधेच उठून भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. बघवत नाही म्हणाले. शेवटी एका गुणानं आम्ही पुढं होतो. उर्शुले सांगायची, "बाबांनी मला आयुष्यात त्या एकाच दिवशी मिठी मारली. इतकी घट्ट की वाटलं, मलाही पट्टी ठोकून पिंप करतायत."

त्यानंतरची वर्षं ती फारशी सांगत नसे. रशियन आले, जर्मन आले, परत रशियन आले. धाकटा भाऊ रशियनांविरुद्ध जंगलात लढणाऱ्यांत सामील झाला आणि परतला नाही. त्याच्यामुळे घरच्यांवर गदा आली. एकोणपन्नासच्या मार्चमध्ये दारावर थाप पडली, गाठोडं बांधायला थोडा वेळ मिळाला, आणि बाप-लेक मालगाडीच्या डब्यातून सैबेरियाला रवाना झाले. क्रास्नोयार्स्कच्या पलीकडे, पाइनच्या जंगलातल्या एका वस्तीत त्यांना उतरवलं. दर काही दिवसांनी कमांडंटपुढं हजर व्हायचं, वस्ती सोडायची नाही, आणि हे कायमचं, असं त्यांना सांगण्यात आलं.

तिथं पाइनच्या झाडांना चिरा पाडून राळ गोळा करायचं काम चाले आणि राळ भरायला पिंपं लागत. आदोमसच्या हातचं पहिलं पिंप बघून मुकादमानं बाप-लेकीला जंगलातून काढून पिंपांच्या शेडमध्ये आणलं. त्यामुळेच आम्ही जगलो, असं उर्शुले म्हणायची.

दुसऱ्या वर्षी करवतीची मोटर दुरुस्त करायला शेडमध्ये एक वायरमन आला. लाल गालांचा, कान जरा पुढं आलेले, आणि बोलणं तुटक. त्याचं नाव झानिस. त्यालाही त्याच मार्चमध्ये, येल्गावा गावाहून, आईला मागं ठेवून आणलं होतं. दोघांची ओळख मोडक्यातोडक्या रशियनमध्ये झाली.

"कुठली तू?" त्यानं मोटरमध्ये डोकं घालूनच विचारलं.

"कौनसची."

त्यानं पाना खाली ठेवला. "कौनसला मी एकदाच गेलोय. माझ्या आयुष्यातला सगळ्यात वाईट दिवस होता तो."

उर्शुलेला तुरुंग आठवले, लढाई आठवली. ती हळूच म्हणाली, "कुणी गेलं का रे तुझं?"

"सामना गेला," झानिस म्हणाला. "एका गुणानं."

उर्शुले इतकी हसली की तिला खाली बसावं लागलं. बाहेर फळ्या रचणारे आदोमस धावत आत आले, कारण दोन वर्षांत त्यांनी तिचा तो आवाज ऐकला नव्हता आणि त्यांना वाटलं पोरगी रडतेय. झानिसला मात्र हसण्यासारखं काही दिसत नव्हतं. तो विशीत असताना मित्रांबरोबर पाव आणि चीज बांधून आगगाडीनं तो सामना बघायला गेला होता आणि परतीच्या अख्ख्या प्रवासात कुणी कुणाशी बोललं नव्हतं.

तिथून सुरू झालं. मोटर नीट चालत असली तरी तो ती तपासायला येऊ लागला. हळूहळू रशियन मागं पडलं. ती लिथुआनियन बोलायची, तो लाटव्हियन. दोन्ही भाषा एकाच घरच्या, त्यामुळे निम्मं कळायचं आणि उरलेलं भांडणाच्या सुरावरून उमगायचं.

"तुमचे निम्मे खेळाडू अमेरिकेतून जहाजानं आलेले," तो म्हणायचा.

"त्यांच्या आया इथल्याच होत्या. बायकांनी काय अमेरिकेत बाळंत व्हायचं नाही?"

"आणि तो तुमचा ताडमाड?"

"तुम्हीही आपल्या पोरांना जरा जास्त दूध पाजायचं होतं."

"बरं, युरोपचा पहिला विजेता कोण, ते सांग. पस्तीस साल, जिनिव्हा. आम्ही. तेव्हा तुम्ही कुठं होता?"

"घरी होतो," उर्शुले म्हणायची. "म्हणून तर जिंकलात."

आदोमस कोपऱ्यात बसून फळ्या तासत हे ऐकायचे. एकदा ते मुलीला म्हणाले की हा माणूस रोज हरायला येतो, म्हणजे काहीतरी कारण असणार.

कडं उर्शुलेनंच केलं. पिंपाची बाद झालेली पट्टी वळवून तिनं ते शेडच्या मागच्या भिंतीवर ठोकलं, झानिसनं मागं फळ्या जोडून दिल्या, आणि चिंध्या भरलेला चामड्याचा गोळा तयार झाला. तो जमिनीवर आपटला तर उसळत नसे, म्हणून तिनं धावत फक्त हातोहात द्यायचा नियम केला. वस्तीतली मुलं संध्याकाळी जमू लागली: आमची, लाटव्हियाची, व्होल्गा नदीकाठाहून हाकललेल्या जर्मनांची, स्थानिक रशियनांचीही. कमांडंटनं ते बघितलं आणि परवानगीशिवाय लागलेलं कडं उतरवायला सांगितलं. शाळेची रशियन मास्तरीण त्याच्याकडे गेली. शाळेला व्यायामाचा तास घ्यावाच लागतो आणि माझ्याकडे साधं दोरखंडही नाही, तेव्हा हे कडं शाळेचं समजा, असं ती म्हणाली. कमांडंटनं खांदे उडवले. कडं राहिलं. पुढच्या उन्हाळ्यात त्या बाईनं शहरातून खरा चेंडू आणला. तो पहिल्यांदा उसळला तेव्हा सगळ्यात लहान मुलं दचकून मागं पळाली. उसळणारा चेंडू त्यांनी बघितलाच नव्हता.

स्टालिन गेल्यानंतरच्या उन्हाळ्यात वस्तीतला जाच जरा सैल झाला. तेव्हा झानिसनं मनातली गोष्ट बोलून दाखवली. लिथुआनिया विरुद्ध लाटव्हिया, सामना पुन्हा खेळायचा. लाटव्हियाकडे पुरेसे गडी होते. आमच्याकडे दोन म्हातारे, एक लंगडा शेतकरी, एक विद्यार्थी आणि उर्शुले. डासांनी अंग फोडून काढलं होतं, सगळ्यांनी चेहऱ्याला राळेचं तेल फासलं होतं, कुठला खेळाडू कुणाचा ते जवळ गेल्याशिवाय कळत नव्हतं. मास्तरीणबाई पंच होत्या. लाटव्हिया जिंकला, आणि चांगल्या फरकानं जिंकला. लबाडी काही झाली नाही; उर्शुलेनं हे मला मुद्दाम सांगितलं. "मी जीव तोडून खेळले होते. त्याला वाटू नये, मी सोडून दिलं."

सामना संपल्यावर झानिस तोंड धुऊन तिच्याकडे आला.

"आता बरोबरी झाली," तो म्हणाला. "हरलेला असताना विचारणं मला जमत नव्हतं."

"काय विचारणं?"

"लग्न करशील का, ते."

"म्हणजे इतकी वर्षं तू यासाठी थांबला होतास? आणि आजही हरला असतास तर?"

"पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा खेळलो असतो."

तिनं बाबांना विचारावं लागेल असं सांगितलं. आदोमस तेव्हा छातीच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळले होते. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "लाटव्हियाचा जावई. पोरी, एका गुणानं हरलेला माणूस घरात आणलास तर जन्मभर कुरकुर ऐकावी लागेल."

"मला ऐकायला आवडतं, बाबा," उर्शुले म्हणाली.

आदोमस लग्नाला अंथरुणातून उठून बसले होते. त्याच हिवाळ्यात ते गेले. पुढे खूप वर्षांनी, सगळं मोकळं झाल्यावर, आंद्रियुसनं तिथं जाऊन आजोबांच्या अस्थी घरी आणल्या.

आंद्रियुसचा जन्म त्या वस्तीतलाच. आई त्याला आंद्रियुस म्हणे, बाप आंद्रिस म्हणे. दोघांनाही आपलंच नाव खरं आहे असं वाटे, आणि तो दोन्हींना ओ देई. सत्तावन्न साली सुटका झाली तेव्हा तिघं कौनसला आले, पण सैबेरियाहून आलेल्यांना कौनसमध्ये राहायची परवानगी मिळेना. आदोमसच्या अंगणात दुसरीच माणसं राहत होती. मग ते येल्गावाला झानिसच्या आईकडे गेले. लढाईत ते गाव पार बेचिराख झालं होतं आणि म्हातारी एका खोलीत राहत होती. इतक्या वर्षांनी मुलगा, सून, नातू दारात उभे. म्हातारीनं मुलाला कवटाळलं, नातवाचे गाल ओढले, आणि मग सुनेला नीट न्याहाळून विचारलं, "तू कौनसची ना?"

"हो."

"हा तुमच्याकडून परत आला तेव्हा आठवडाभर नीट जेवला नव्हता," म्हातारी म्हणाली. "ये आत. आता तू जेवू घाल."

त्या खोलीत चौघं चार वर्षं राहिली. उर्शुले तिथं लाटव्हियन अस्खलित बोलायला शिकली. सासूकडून जिऱ्याचं चीज करायला शिकली, आणि म्हातारी वारली तेव्हा तिच्या उशाशी उर्शुलेच बसलेली होती. मग कौनसच्या एका कारखान्याला वायरमन हवे होते, तिथं झानिसला काम मिळालं, त्याबरोबर राहायचा परवानाही मिळाला, आणि उर्शुले आपल्या गावात परत आली.

शाळेत खेळ शिकवायला तिला कोण घेणार? तिच्या नावापुढं सैबेरिया होता. ती कापडाच्या गिरणीत कामाला लागली. पण संध्याकाळी चाळीमागच्या अंगणात ती मुलींना जमवायची. आमच्याकडे प्रत्येक अंगणात कडं असतंच, पण तिथं मुलगे मुलींना फिरकू देत नसत. उर्शुले कमरेवर हात ठेवून मध्ये उभी राहायची आणि मुलग्यांना सांगायची, मला एकटीला हरवा आणि मग बोला. चाळिशीतली बाई बघून ते हसायचे. थोड्या वेळानं त्यांचं हसू थांबायचं.

त्या मुली पुढं गिरणीच्या संघात गेल्या, मग शहराच्या स्पर्धेत उतरल्या, आणि गिरणीला नाइलाजानं उर्शुलेला त्यांची प्रशिक्षक म्हणून मानावं लागलं. अडुसष्ट साली त्यांचा संघ शहराच्या अंतिम सामन्यात पोचला. सामना एकोणचाळीसच्या त्याच सभागृहात होता. अडचण अशी होती की झानिसनं कौनसला राहायला येताना शपथ घेतली होती: त्या इमारतीत पाऊल टाकणार नाही. तो कामावर जातानासुद्धा दुसऱ्या रस्त्यानं जायचा. उर्शुलेनं त्याला एका शब्दानं आग्रह केला नाही. सकाळी डबा भरून ठेवला आणि चेंडूंची पिशवी खांद्याला लावून निघून गेली.

पुढचं मला आंद्रियुसनं सांगितलं. बाप स्वयंपाकघरात बसला, रेडिओ उघडून त्याचे सगळे भाग टेबलावर मांडले, परत जोडले, पुन्हा उघडले. मग उठला, लग्नातला कोट घातला आणि म्हणाला, "चल रे." दोघं पोचले तेव्हा सामना निम्मा झाला होता. झानिस दारात थबकला. मग सरळ चालत पलीकडच्या बाकांकडे गेला, वर चढला आणि बोटानं दाखवून म्हणाला, "मी इथं बसलो होतो." तिथं कुणीतरी बसलेलं होतं. त्यानं त्या माणसाला विनवून सरकवलं आणि बसला.

उर्शुलेला तो खालून दिसला. तिच्या मुली मागं होत्या, थकल्या होत्या. ती सांगायची की त्या क्षणी मी काय डावपेच सांगितले ते मला आठवत नाही, पण पोरी म्हणतात की तू नुसतं "खेळा" म्हणालीस. त्या जिंकल्या. घरी येताना झानिस म्हणाला, "सभागृहाचा काही दोष नाही. चांगलं बांधलंय."

त्या काळात युरोपच्या स्पर्धा सोव्हिएत संघ जिंकत असे, आणि त्या संघात आमची पोरंही असत, लाटव्हियाचीही. आमच्या जिन्यात यावरून कडाक्याचे वाद होत. काही जण टाळ्या वाजवत, काही टीव्ही बंद करत. शेजारणीनं एकदा उर्शुलेला खोचून विचारलं की तुम्हाला सैबेरियाला धाडणाऱ्यांचा संघ तुम्ही बघता तरी कशा. उर्शुले म्हणाली, "मी पोरं बघते गं. त्यांच्या अंगातला सदरा त्यांनी निवडलेला नाही."

मी या घरात आले ती सोव्हिएत राजवटीच्या शेवटच्या वर्षांत. मग देश सुटले, आमचा आणि त्यांचा, आणि पुन्हा आपापल्या नावानं संघ उभे राहिले. त्र्याण्णवची पहिली स्पर्धा आली. तीत आम्ही असणार, याबद्दल कौनसमध्ये कुणाच्या मनात शंकाच नव्हती; आदल्या वर्षी तर ऑलिंपिकचं कांस्यपदक आणलं होतं. आणि आम्ही पात्रता फेरीतच गळालो. लाटव्हिया मात्र पोचला. तो उन्हाळा उर्शुलेसाठी भारी गेला. लाटव्हियाचा सामना असला की झानिस दाढी करून, टाय लावून बसायचा. फोनवर मित्रांना म्हणायचा की आमच्या बायकोचा देश यंदा विश्रांती घेतोय. उर्शुलेनं बदला म्हणून त्याला आवडणारे बटाट्याचे मोठे गोळे केले आणि त्यावरची खारवलेल्या डुकराची फोडणी फक्त आम्हाला वाढली. तो कोरडे गोळे खात म्हणाला, "चव छान आहे. जिंकल्यावर सगळंच छान लागतं."

"अजून कुठं जिंकलात?" ती म्हणाली.

"पोचलो. तुम्ही पोचलात तरी का?"

दोन हजार तीनला दोघं ऐंशीच्या पुढं गेली होती. झानिसला ऐकू कमी यायचं, उर्शुलेचे गुडघे गेले होते. स्वीडनमधली स्पर्धा, आणि आमचा पहिलाच सामना लाटव्हियाशी. मी किसलेल्या बिटाचं गुलाबी थंड सूप केलं होतं, ते कुणी तोंडाला लावलं नाही. लाटव्हियाची पोरं अशी खेळली की उर्शुलेचा चेहरा पांढरा पडला. शेवटची शिट्टी झाली आणि आंद्रियुसनं हळूच बापाकडे पाहिलं. लिथुआनिया जिंकला होता. एका गुणानं.

झानिस पडद्याकडे बघत होता. मला वाटलं, आता सासूबाई काय बोलतील आणि काय होईल. पण त्या उठल्या, गुडघे धरत स्वयंपाकघरात गेल्या, चहा करून आणला आणि त्याच्या हातात दिला. "आज तुमची पोरं जास्त चांगली खेळली," त्या म्हणाल्या. "खरंच."

झानिसनं कप खाली ठेवला. "उर्शुले, दया करू नकोस. चिडव मला."

"नको."

"चिडव म्हणतो ना. नाहीतर मला वाटेल, मी मरायला टेकलोय."

तेव्हा त्या त्याच्या कानाजवळ वाकल्या आणि जोरात म्हणाल्या, "चौसष्ट वर्षांत एक गुण नाही सापडला का रे तुम्हाला?" आणि तो असा हसला की डोळ्यांतून पाणी आलं. आम्ही सगळेच हसलो. सूपही संपलं.

त्यानंतर एक नवल घडलं. पुढच्या सामन्यापासून झानिस लिथुआनियाच्या बाजूनं बसू लागला. आंद्रियुसनं विचारलं तर म्हणाला, "साधा विचार कर. हे युरोपचे विजेते झाले, तर विजेत्यांपेक्षा आम्ही फक्त एका गुणानं कमी." आणि आम्ही झालो विजेते. चौसष्ट वर्षांनी. आमच्या रस्त्यावर लोक झेंडे घेऊन नाचत होते, अनोळखी माणसं एकमेकांच्या गळ्यात पडत होती, आणि आमच्या गच्चीत एक लाटव्हियाचा म्हातारा पातेलं बडवत लिथुआनियाचं राष्ट्रगीत म्हणत होता. शब्द सगळे चुकत होते. उर्शुले शेजारी उभी राहून ते दुरुस्त करत होती.

तो दोन वर्षांनी गेला, झोपेत. उर्शुले राहिली. घरातलं भांडण थांबलं आणि तिची भूकच मंदावली. रविवारी टेबलाशी बसून ती कधीकधी एकदम म्हणायची, "पंच आंधळा नव्हता," आणि उत्तराची वाट बघायची. मग आंद्रियुस बापाची बाजू घेऊ लागला. त्याला बापाइतकं चांगलं भांडता येत नव्हतं, पण तिला तेवढं पुरायचं.

दोन हजार अकराला स्पर्धा पुन्हा लिथुआनियात आली. तिच्या गिरणीच्या संघातल्या मुली, ज्या आता स्वतः आज्या झाल्या होत्या, तिला न्यायला आल्या. त्यांनी आमच्या संघाच्या सामन्याला जाण्याची सोय केली होती. उर्शुले म्हणाली, "तो टीव्हीवर दिसेलच. मला शाउल्यायला न्या. लाटव्हिया तिथं खेळतोय."

मी गाडी चालवत होते. ती झानिसचा तांबडा-पांढरा मफलर गळ्यात घालून, चाकाच्या खुर्चीत बसून, लाटव्हियाच्या लोकांमध्ये जाऊन बसली आणि त्यांच्याबरोबर गाऊ लागली. शेजारच्या एका तरुणानं तिला पाणी आणून दिलं. इतक्या लांब आलात आजी, तुम्ही कुठल्या, असं त्यानं विचारलं.

"येल्गावाची," उर्शुले त्यांच्या भाषेत म्हणाली.

लाटव्हिया त्या दिवशी हरला. त्या स्पर्धेत तो सगळेच सामने हरला. परतताना मला वाटलं, ती खट्टू असेल. आरशातून पाहिलं तर ती मागच्या बाकावर आपल्या जुन्या मुलींना समजावून सांगत होती की पोरं कच्ची आहेत, पण तो पंधरा-वीस मिनिटं खेळलेला लांब हातांचा मुलगा आहे ना, त्याला उडी कधी मारायची ते अजून कळत नाही. ते कळलं की बघा. तिचे हात हवेत चेंडू धरल्यासारखे हलत होते. मुली माना डोलावत होत्या, अंगणात डोलवायच्या तशाच.

मग ती पुढं वाकली आणि माझ्या खांद्याला हात लावला.

"सूनबाई, पुढची स्पर्धा कुठं म्हणालीस?"

"स्लोव्हेनियात, आई. दोन वर्षांनी."

तिनं थोडा विचार केला. "तिथं बस जाते का गं?"

मी म्हटलं, उद्या चौकशी करते.